सतापकाकूंचं अंगण

चौसाळ्यात आमच्या भिंतीला भिंत लागून राहणाऱ्या सतापकाकू दारात आलेल्या बाईला आधी ‘या’ म्हणत नसत, ‘अडचण तर न्हाई ना?’ असं विचारत. अडचण म्हणजे महिन्याची. तेही अशा खणखणीत आवाजात, की हायवेच्या कडेच्या टपरीवर चहा पिणाऱ्यालाही उत्तर द्यावंसं वाटावं. बाई लाजून ‘न्हाई’ म्हणाली, की मगच तिला अंगणात प्रवेश. कारण अंगणात तेलाच्या जुन्या डब्यात काकूंचं सतापाचं औषधी झुडूप होतं, आणि अडचणीतल्या बाईची सावली पडली तरी सताप जळतो, याबद्दल त्यांच्या मनात तिळमात्र शंका नव्हती.

मला या प्रकाराची मनस्वी चीड होती. काकू लिंगायत. कपाळाला विभूती, गळ्यात लिंग. त्यांच्याकडे बायकांना पूजेला कुठल्याच दिवशी बंदी नाही. एकदा मी मुद्दाम खोचकपणे विचारलं, की देवाला चालतं ते या झुडपाला कसं चालत नाही? काकू शांतपणे म्हणाल्या, “आपल्याला इटाळ न्हाई गं. पण सताप काय लिंगायत हाय का?”

झाड मात्र त्यांनी जिवापाड जपलं होतं. डब्याच्या बुडाला खिळ्यानं भोकं पाडलेली, त्यावर खापराचे तुकडे, वर वाळू मिसळलेली माती. सकाळी त्या मातीत बोट खुपसायच्या. बोटाला ओल लागली तर पाणी नाही, कोरडं निघालं तर तांब्यातलं थोडंसं. “सतापाला तहान लागू द्यावी लागती,” असं म्हणायच्या. आमच्याकडे उन्हाळ्यात टँकरची वाट बघत सगळं गाव बसतं, तेव्हा कमी पाण्यावर जगणारं ते झाड त्यांना घरातल्या माणसासारखं समजूतदार वाटे. गल्लीत कुणाचं तान्हं सर्दीनं घुरघुरू लागलं, की काकू चार डहाळ्या चुरगळून फडक्यात बांधून पाळण्याला लटकवायला देत. निळसर हिरव्या त्या बारीक पानांचा उग्र वास सगळ्या घरात भरून राही. गरोदर बाईला मात्र त्या ओट्यावरूनच परत पाठवत. तिला सताप वाईट, एवढं सांगत आणि गूळपाणी देत.

महेशचं, म्हणजे त्यांच्या मुलाचं, लग्न झालं आणि लिंबागणेशची सुवर्णा सून म्हणून घरात आली. पोरगी कामाला वाघ, बोलायला कमी. काकांच्या माघारी किराणा दुकानाच्या गल्ल्यावर काकूच बसत. सुवर्णानं घर हातात घेतलं. सगळं सुरळीत चाललं होतं, आणि सताप पिवळा पडू लागला. आधी खालची पानं, मग शेंडे. काकूंनी दुसरं कारण शोधलंच नाही. घरात नवी बाई आली, झाड आजारी पडलं, निकाल लागला.

मग जे सुरू झालं ते मला भिंतीपलीकडून रोज ऐकू यायचं. सुवर्णाला अंगण बंद झालं. धुणं गच्चीवर. चार बायकांदेखत काकू तिला तारखा विचारायच्या, खोटं बोलतेस म्हणायच्या. माझ्या अंगाचा तिळपापड व्हायचा, पण सुवर्णा खाली मान घालून ऐकून घ्यायची. महेश बिचारा दोघींच्या मधे चेपून गेला. शेवटी ठरलं, की सुवर्णाला काही दिवस माहेरी सोडून यायचं. ‘काही दिवस’ म्हणून गेलेल्या मुली आमच्या गावानं पाहिल्या आहेत. त्यातल्या सगळ्याच परत आल्या नाहीत.

त्याच आठवड्यात गच्चीवर मिरच्या वाळत घालताना मी पाहिलं, काकूंनी सतापाला पाणी घातलं. मी मिरच्या पसरून होईतो त्या पुन्हा तांब्या घेऊन आल्या. पुन्हा घातलं. थोड्या वेळानं परत. बोट खुपसणं नाही, काही नाही. पाण्याच्या एकेका थेंबासाठी जीव टाकणारी बाई.

मी तडक सुवर्णाकडे गेले. तिला ते आधीपासून माहीत होतं. ती रात्री डब्यातली माती उकरून सुकवायचा प्रयत्न करत होती. मी म्हटलं, अगं मग बोलली कावून नाहीस? ती हळूच म्हणाली, “ताई, झाड माझ्यामुळं गेलं म्हणतात, म्हणू द्या. पण आई इसरतात हे ह्यांना कळलं, तर गल्ल्यावरून उठवतील. मग त्या कशावर जगतील?” मला रडूच आलं. तिनं मला कुणाला सांगू दिलं नाही.

जाण्याच्या दिवशी महेश तिची बॅग घेऊन ओट्यावर उभा होता. मीही निरोप द्यायला गेले होते. काकू तांब्या घेऊन बाहेर आल्या, सतापाला पाणी घालून आत गेल्या. लगेच भरलेला तांब्या घेऊन परत आल्या आणि म्हणाल्या, “झाडाला सकाळधरनं पाणी न्हाई कुणी घातलं?” डब्यातून पाणी वाहून महेशच्या चपलेखाली आलं होतं. त्यानं झाडाकडे पाहिलं, आईकडे पाहिलं, आणि बॅग खाली ठेवली.

पुढं बीडच्या डॉक्टरांनी काकूंच्या आजाराचं नाव सांगितलं, गोळ्या दिल्या. सताप मुळापासून कुजला होता. मांजरसुंब्याच्या एका बाईनं काकूंकडूनच नेलेल्या झाडाची फांदी सुवर्णाला दिली, तिनं ती लावली. आता सुवर्णा तिच्या कुठल्याही दिवशी त्या डब्यापाशी बसते. झाड छान आहे. काकू शेजारी खुर्चीत असतात. गल्ल्यावर महेश बसतो.

परवा मी गेले तेव्हा सुवर्णा माती मोकळी करत होती. काकू तिच्याकडे बराच वेळ बघत होत्या. मग परक्या बाईशी बोलावं तशा आदबीनं म्हणाल्या, “बाई, तुमी लिंबागणेशच्या अंगाला जाता का? तिथं माझी सून हाय. लई गुणाची. मी तिला लई बोलले ओ. तिला ये म्हणावं.”

सुवर्णानं मातीचे हात पदराला पुसले. “सांगितलं मी तिला,” ती म्हणाली. “येते म्हणाली.”