बरोबरीत सोडवलेली कुस्ती

इंटरनेट म्हणजे काय, हे शिरूरमध्ये मोजक्याच लोकांना ठाऊक होतं, तेव्हा मी आणि माझ्या मैत्रिणीने छापील वर्तमानपत्रं नेटवर नेण्याची कंपनी काढली. कंपनी म्हणजे भाड्याची खोली, एक कॉम्प्युटर आणि दोघींचा अफाट उत्साह. दौंडच्या संपादकांनी साफ सांगितलं होतं, आधी शिरूरच्या आप्पांचं साप्ताहिक मिळवा, मग आमच्याकडे या. आणि घरी ठरलं होतं, आप्पा नाही म्हणाले तर मी सणसवाडीच्या कारखान्यात नोकरी धरायची. नुसत्या विचारानेच माझं डोकं फिरायचं.

आप्पांनी एकाच अंकाची परवानगी दिली. "बघू तरी, कोण वाचतंय ते," म्हणाले.

अंक नेटवर चढवला तर प्रत्येक वेलांटी भलत्याच अक्षरावर जाऊन बसलेली! दोघींनी खपून एकेक जागेवर आणली. पडद्यावर 'शिरूर' स्वच्छ उमटलं तेव्हा मी खुर्चीतून उडालेच.

मग एक मेल आला. पहिलावहिला! लिहिणारा वडगाव रासाईचा, नोकरीला दुबईत, आणि भयंकर तापलेला. 'यात्रेतली शेवटची कुस्ती बरोबरीत सुटली असं छापलंय. ती माझ्या भावाने मारली. घरी फोन करून विचारलं. जरा लाज वाटू द्या.'

मैत्रीण म्हणाली, दाखवायलाच नको. पण लपवाछपवी मला जमत नाही. मी मेल कागदावर उतरवून आप्पांपुढे ठेवला. त्यांच्या कपाळावर आठ्या पडल्या.

"चूक आपलीच. आता दुरुस्ती पुढच्या अंकात," ते करवादले. "तवर गावभर बोंब."

"नेटवर आत्ता बदलता येतं, आप्पा."

"अंक निघाल्यावर?"

"हो. चला, दाखवते."

आप्पा तडक खोलीवर आले. मी 'बरोबरीत सुटली' खोडून पैलवानाला जिंकवलं.

"आन् आता समद्यांना असंच दिसतंय?"

"जिथं कुठं उघडतील तिथं."

मी लगेच दुबईला मेल टाकला, 'दुरुस्त केलंय, बघा.' चहा होईस्तोवर दुबईहून उत्तर आलं, 'आता बरोबर. इथल्या सगळ्या गाववाल्यांना दाखवलं.' आप्पांनी ते मोठ्याने वाचलं, पुन्हा वाचलं आणि मांडीवर थाप मारली.

"पोरी, हितनं पुढं अंक आधी तिकडं टाकायचा. लोक चुका काढतील, त्या दुरुस्त करू, आन् मंग छापू!"

मी तिथूनच, त्यांच्यासमोर, दौंडला फोन लावला.