पंधरा मिनिटं मागं

ईरा आणि नील, मागच्या रविवारी व्हिडिओ कॉलवर ईरानं मला विचारलं, "आजी, तू आईला इतक्या लांब जाऊ कसं दिलंस?" मी नेटवर्क गेल्याचं सोंग केलं. खरं सांगायचं तर मला तिला जाऊ द्यायचं नव्हतं. हे मी तुमच्या आजोबांनाही कधी सांगितलं नाही. एका माणसाला मात्र ते कळलं होतं. तो माणूस या थंडीत गेला आणि महिन्याभरात आमची इमारतही पाडायला घेणार आहेत, म्हणून सामान बांधण्याआधी हे लिहून काढते. पण उत्तर नीट समजायला आधी तो माणूस समजायला हवा.

सगळ्या मुलुंडमध्ये सर्वांत जास्त अपघात न घडलेली इमारत आमची. इथे दूध उतू गेलं नाही, गॅस चालू राहिला नाही, जिन्यावरून कुणी घसरलं नाही, आणि या सगळ्याचं श्रेय आमच्या वरच्या मजल्यावरच्या शेजाऱ्यांना, म्हणजे मी ज्यांना भावोजी म्हणे त्यांना होतं, असं स्वतः भावोजीच सांगत. मूळचे मालवणकडचे, वडील गिरणीत. ट्रॉम्बेला तंत्रज्ञाची नोकरी करून हे निवृत्त झाले आणि सहा महिन्यांत त्यांनी काळ मागं नेणारं यंत्र तयार केलं. स्टीलचा एक मोठा डबा, त्याच्या झाकणावर मोडीत निघालेल्या वॉशिंग मशीनचा टायमर, आणि आत काय ते त्यांनाच ठाऊक. टायमर पंधरा मिनिटांचा, म्हणून यंत्रही पंधरा मिनिटांचंच. तो उलटा फिरवला की तेवढ्या वेळात घडलेलं सगळं पुसलं जायचं, आणि काय पुसलं ते फक्त फिरवणाऱ्याच्या लक्षात राहायचं. बाकीच्या जगाला पत्ताच नाही. आमची सगळ्यांची पंचाईत होती ती इथे.

सकाळी दहाच्या सुमाराला बेल वाजायची. दारात भावोजी, अंगात गंजी, काखेत डबा, कपाळावर घाम. "वयनीनू, लोणच्याची बरणी फुटली. तुमच्या पायात काच गेली, रक्त थांबेना. मी मागं घेतलं. आता ती बरणी खालच्या फळीवर ठेवा बघू." बरणी चांगली धडधाकट आहे असं मी त्यांना सांगे. त्यावर ते शांतपणे म्हणत, "आता आसा मां." म्हणजे, आता आहे ना. या तीन शब्दांना आमच्या इमारतीत आजवर कुणाला उत्तर सापडलेलं नाही. मी शाळेत इंग्रजी शिकवलेली बाई, गृहपाठ न करणाऱ्यांच्या सबबी ऐकण्यात माझी हयात गेली, पण जे घडलंच नाही त्याचा पुरावा कसा मागायचा हे मला कुठल्याच पुस्तकानं शिकवलं नव्हतं. मी त्यांना चार शब्द सुनावायची, आणि ते जिना चढून गेले की मुकाट्यानं बरणी खाली ठेवायची.

या परोपकारानं भावोजी कायम दमलेले असत. तुमचा दिवस चोवीस तासांचा, माझा कधी कधी सत्तावीसचा होतो, असं त्यांचं गणित होतं. त्यामुळे दुपारी झोप सक्तीची. शिवाय जेवण झाल्यावर यंत्र फिरवावं लागलं तर पोटातलं जेवणही मागं जाई आणि पुन्हा ताटावर बसावं लागे. सुरमईची आमटी असली की इमारतीवर हटकून जेवणानंतर संकट यायचं. त्यांच्या सौ. एकदा मला म्हणाल्या, "जेवण मागं जातं, मग भांडी का जात नाहीत ते विचारा त्यांना."

मी सोसायटीची सेक्रेटरी असताना एका सभेत पाण्याच्या टाकीवरून त्यांचं आणि चेअरमनसाहेबांचं जुंपलं. मध्येच भावोजी मवाळ झाले आणि म्हणाले की साहेब, मघाशी तुम्ही माझी माफी मागितलीत, तुमचा चेहरा बघवेना, म्हणून मीच ती मागं घेतली. चेअरमन म्हणाले की मी माफीबिफी मागितलेली नाही. "आता नाही मागितलीत, मघाशी मागितली होतीत," भावोजी म्हणाले. शेवटी चेअरमननी कंटाळून खरोखरच माफी मागितली. इतिवृत्तात मी 'चर्चा झाली' एवढंच लिहिलं.

तुमच्या आजोबांना मात्र पुरावा हवा होता. त्यांनी भावोजींना चहाला बोलावलं आणि त्यांच्यासमोर मुद्दाम कप फरशीवर टाकला. कपाचे पाच तुकडे झाले. भावोजींनी टायमर फिरवला, तो टिकटिकत शून्यावर आला, आणि तुकडे होते तिथेच. आजोबा जिंकल्यासारखे हसले. भावोजींनी कपाळावरचा घाम पुसला. "चार वेळा मागं घेतला, रे. चारही वेळा तू परत फोडलास. पाचव्यांदा मी दमलो." मग मला समजावलं की काळ मागं गेला तरी माणूस तेच करतो. त्याला मध्येच कुणी जाऊन सांगितलं तरच काही बदललं तर बदलतं.

आता तुमची आई परदेशी गेली ती दुपार. तिला हवी होती ती संशोधनाची जागा मिळाली होती. त्यासाठी तिनं किती वर्षं घासली ते मी पाहिलं होतं. आणि मी डोळ्यांत पाणी आणून 'थांब' एवढं म्हटलं असतं तर ती थांबली असती, हेही मला माहीत होतं. म्हणून गुडघ्याचं निमित्त करून मी विमानतळावर जायचं टाळलं. आजोबा टॅक्सीत बसले, बॅगा चढल्या, आणि भावोजी अनवाणी जिना उतरून आले. डोळे लाल, काखेत डबा. त्यांनी मला मीटरच्या पेटीपाशी बाजूला घेतलं.

"वयनीनू, टॅक्सी एकदा गेलेली आहे. तुम्ही वर येऊन माझ्या दारात बसलात. म्हणालात, परत आणा तिला. आणलीय. थांबवायची तर आता थांबवा."

मी म्हटलं, मी असलं काही बोलणं शक्य नाही.

"बोललात. म्हणालात, भावोजी, उद्यापासून पोळ्या किती लाटू?"

हे वाक्य त्या सकाळी तिच्या वाटेच्या पोळ्या लाटताना माझ्या मनात आलं होतं. तोंडातून ते निघालेलं नव्हतं.

मी टॅक्सीकडे पाहिलं. तुमची आई तिसऱ्यांदा कागद तपासत होती. लहानपणी पोहण्याच्या तलावात पहिली उडी मारायच्या आधी ती असाच श्वास रोखून उभी राहायची. घाबरलेली, आणि कुणी अडवू नये म्हणून घाई झालेली. तिनं काच खाली करून विचारलं, "आई, काय म्हणतायत काका?"

"काही नाही," मी म्हटलं. "पासपोर्ट वरच्या कप्प्यात ठेव. पोचलीस की फोन कर."

टॅक्सी वळली. भावोजींनी डबा जमिनीवर ठेवला आणि दोन्ही हात पाठीमागं बांधले. आम्ही दोघं गेटपाशी पंधरा मिनिटं उभे होतो. मी काही मागितलं नाही, त्यांनी काही विचारलं नाही. मग त्यांनी घड्याळ पाहिलं. "आता गेली," म्हणाले. मग डबा उचलत म्हणाले, "भूक लागली. मघाचं जेवण मागं गेलं ना." मी त्यांना वर नेऊन उरलेल्या पोळ्या वाढल्या, आणि त्यांच्याबरोबर मीही दोन खाल्ल्या.

या थंडीत भावोजी गेले. त्यांच्या सौ. आता बोरिवलीला मुलाकडे राहायला गेल्या. जाताना त्यांनी डब्याचा टायमर उपटून काढला, डबा घासला आणि रव्याला घेतला.

ती दुपार खरोखर दोनदा झाली का, मला माहीत नाही. झाली असेल तर पहिली भावोजी बरोबर घेऊन गेले. दुसरी माझ्याकडे आहे, आणि ती मला सगळी आठवते.