आठपट जवळ आलेलं शेत

१७ नोव्हेंबर २०२४, रविवार. रुपये दोन हजार एकशे एकोणपन्नास. एवढे पैसे मोबाइलवरून भरून शिवकुमारआप्पांनी तिसरी दुर्बीण मागवली, चष्मा काढला आणि डोळे चोळत बसले.

शिवकुमार लातूरच्या मोंढ्यात एका आडत दुकानात मुनीम. बी.कॉम. झाल्यावर गादीवर बसले ते आता येत्या मार्चअखेर उठणार होते. तसं मालकाशी बोलणं झालं होतं. भावकीत किंवा शेजारात कुणाला कुलर घ्यायचा असो, बोअरची मोटर असो की म्हातारीच्या कानाचं मशीन, लोक आधी त्यांच्याकडे यायचे. ते चार ठिकाणी चौकशी करायचे, वस्तू हातात घेऊन उलटीपालटी करायचे, मगच हो म्हणायचे. एके काळी याची हौस होती. आता कुणी दारात येऊन "आप्पा, जरा एक विचारायचं होतं" म्हटलं की त्यांना बसल्या जागी थकवा यायचा. मार्चनंतर त्यांना काहीही करायचं नव्हतं. सकाळी लिंगपूजा करावी, चहा घ्यावा, दारात खुर्ची टाकून बसावं. पण हे त्यांनी कुणाला सांगितलं नव्हतं. सांगण्यासारखं नव्हतंच ते, कारण गावाकडे त्यांची वाट बघणं सुरू झालं होतं.

गाव चाकूरजवळ. तिथे थोरले भाऊ अमृतराव, म्हणजे अण्णा, आणि वहिनी बसम्मा दोघंच राहत. त्यांची मुलगी अंजू लग्न होऊन नांदेडला गेलेली. शेत दोघा भावांचं, सामाईक. घराच्या स्लॅबवर उभं राहिलं की समोर दिसायचं, पण मधे ओढा. पुलावरून वळसा घालून जावं लागे, आणि अमृतरावांचे गुडघे आता जिना चढण्यापुरतेच उरले होते. हरभऱ्यात हरणांचा कळप शिरतो, बाया खुरपताना गवत सोडतात, मोटर चालू आहे की बंद हे कळत नाही, असं सगळं ते फोनवर सांगत आणि शेवटी म्हणत, "कुणीतरी बघणारा पायजे शिवा. न्हाईतर बटईनं, निम्म्या वाट्यानं, देऊन टाकावं. आपल्या बापाच्या वेळेपासून कवा दिलं न्हाई, आता देऊ."

कुणीतरी म्हणजे कोण, हे शिवकुमारांना पक्कं ठाऊक होतं. मोबाइलवर दुर्बिणीची जाहिरात दिसली तेव्हा त्यांना वाटलं, वाट सापडली. अण्णांनी स्लॅबवर बसूनच शेत बघितलं तर कुणी जायची गरज काय?

म्हणून त्यांनी ही पारख जरा जास्तच मनापासून केली.

पहिली दुर्बीण अंजूने नांदेडहून, गुरुद्वाऱ्याच्या रस्त्यावरच्या दुकानातून आणली होती. अंगावर 'तीसपट' छापलेलं आणि वजनाला खलबत्त्यासारखी. त्यातून समोरच्या पाण्याच्या टाकीकडे बघितलं तर टाक्या दोन दिसत, आणि दोन्हींना जांभळी किनार. थोडा वेळ बघितल्यावर शिवकुमारांचं कपाळ दुखायला लागलं. तीसपट ही शाईची करामत होती.

दुसरी दहापट, घडी होऊन शर्टाच्या खिशात मावणारी. ही खोटारडी नव्हती. टाकीवर रंगवलेल्या सिमेंटच्या जाहिरातीतला फोन नंबरसुद्धा वाचता येत होता, पण श्वास रोखून धरला तरच. दहापट मोठं दिसतं तसा हातही दहापट कापतो. आणि अण्णांचा हात तर चहाची बशी धरतानाही कापायचा. शिवाय चष्मा लावून बघितलं की फक्त मधला, रुपयाएवढा गोल दिसे. ती परत पाठवली.

तिसरी आठपट. हिच्यात टाकी थोडी लहान दिसली, पण हलत नव्हती. डोळ्यापाशी रबराच्या कडा होत्या, त्या दुमडल्या की चष्म्यासकट बघता येत होतं. फिरवायचं चाक जरा घट्ट, अंधार पडायला लागला की चित्र मळकं. पण त्या किमतीत मळकं दिसणारच. शिवकुमारांनी ती उन्हात, सावलीत, चष्म्यासह आणि चष्म्याविना बघितली.

त्यांची बायको शिवकन्या वाळलेले कपडे काढायला गच्चीवर आली होती. ती म्हणाली, "मला बघायला आला होतात तवा चहा पिऊन धा मिन्टात उठलात. एवढं निरखून बघितलं असतं तर वाचलो असतो दोघंबी."

"तवा परत करायची सोय नव्हती," शिवकुमार म्हणाले.

पुढच्या रविवारी ते गावी गेले. अमृतरावांना स्लॅबवर प्लास्टिकच्या खुर्चीत बसवलं, कोपरं कठड्यावर टेकवायला लावली, उजव्या डोळ्याची कडी त्यांच्या नजरेप्रमाणे फिरवून दिली. अमृतराव हळूच म्हणाले, "तुरीला फुल किती आलंय रे." आणि दुर्बीण डोळ्यावरून काढेनात.

खालून बसम्मावहिनी ओरडल्या, "भाकरी वाढलीय. का वरूनच ताट बघून पोट भरणार हाय?"

दुर्बिणीचे निम्मे पैसे देतो, असं अमृतराव स्वतःहून म्हणाले. वस्तू सामाईक शेतासाठी होती. त्यांनी लगेच पाचशे काढून दिले.

पुढे बरेच दिवस फोनवर त्यांचा आवाज दहा वर्षांनी लहान झाल्यासारखा येत होता. हरणं शिरलेली त्यांना वरून दिसली, त्यांनी शेजारच्या शेतातल्या सत्यमला फोन केला, सत्यमनं पळवून लावली. केवळाबाई ही त्यांच्याकडे येणाऱ्या खुरपणाऱ्या बायांची म्होरकी. तिलाही ते फोन लावत. "केवळाबाई, लिंबाखालच्या ओळीत गवत ऱ्हायलंय बघ." ती बिचारी दचकून मागे बघायची. मग अमृतराव स्लॅबवरून हात हलवायचे. हे त्यांनीच शिवकुमारांना हसत हसत सांगितलं. शिवकुमारही हसले. मार्चनंतरची दारातली खुर्ची त्यांना अगदी स्पष्ट दिसायला लागली होती.

डिसेंबरच्या मध्यावर बसम्मावहिनींचा फोन आला. बाया यायच्या बंद झाल्या होत्या. हरभऱ्याची खुरपणी अर्धी राहिली होती, आणि दुसऱ्या बायाही मिळेनात. "तुमच्या अण्णाला विचारलं तर म्हणतेत, मजुरी वाढवून पायजे असंल. तसं न्हाई वाटत मला. तुमी या."

शिवकुमार गेले. वहिनींनी केवळाबाईला बोलावणं धाडलं होतं. पन्नाशीची, उंच, कमी बोलणारी बाई. ती स्लॅबवर आली, कठड्यापाशी पदर सावरून उभी राहिली. बसा म्हटलं तरी बसली नाही.

"मजुरीचं काय असंल तर बोल," अमृतराव म्हणाले.

"मजुरीचं काय न्हाई, अण्णा."

"मग?"

तिने दुर्बिणीकडे बोट केलं. "हे."

"अगं, मी पिकाकडं बघतो."

"पिकातच हाव की आमी."

केवळाबाई म्हणाली, "मला बघू द्या एकदा." शिवकुमारांनी कशी धरायची ते दाखवलं. तिने आधी आभाळ बघितलं, मग ओढा, मग पलीकडे दुसऱ्याच्या शेतात काम करणाऱ्या बायांवर ती थांबली. त्यांत तिची सून पुनम होती. तुरीच्या आडोशाला बसून लेकराला पाजत होती.

केवळाबाईने दुर्बीण सावकाश खाली ठेवली. ती चिडली नव्हती. लांबून चालत आल्यासारखी दिसत होती.

"पुनमच्या हातातल्या बांगड्या दिसतेत," ती म्हणाली. "लेकराचं तोंड कुटं हाय ते बी. अण्णा, ओढ्याच्या कडंला झुडपं हायत. आमाला जायचं झालं की आमी तितंच जातो. दुसरीकडं आडोसा हाय का तुमच्या शेतात?"

शिवकुमारांनी खाली स्लॅबकडे बघितलं. वजन बघितलं होतं, काच बघितली होती, चष्मा, उजेड, हाताचा कंप, सगळं बघितलं होतं. दुर्बिणीच्या पलीकडच्या टोकाला कोण असतं, हे दोघा भावांच्या मनातही आलं नव्हतं.

"मी तसल्या नजरेचा हाय का?" अमृतराव म्हणाले. आवाज दुखावलेला होता. "सून होऊन गावात आलीस, आता सासू झालीस, तरी मला वळखलं न्हाईस?"

"तुमाला वळखते म्हणून तर सांगायला आले. दुसऱ्याला सांगितलं बी नसतं, नुसतं कामाला गेले नसते."

"मग मी सकाळच्याला तेवढंच बघतो. बाया यायच्या आधी."

"तुमी कवा बघायलेत आन् कवा न्हाई, हे आमाला तिकडून कसं कळावं, अण्णा?"

केवळाबाई जिना उतरून गेली. अमृतरावांनी दुर्बिणीच्या काचांवर झाकणं लावली. एक पटकन बसलं, दुसरं हात कापत असल्यामुळे बसेना. शिवकुमारांनी ते बसवलं. मग अमृतराव ओढ्याकडे बघत म्हणाले, "मार्चला सुटतोस न्हवं तू?"

शिवकुमार नुसतं "हं" म्हणाले. बसमध्ये लातूरपर्यंत त्यांना ते 'हं' टोचत राहिलं.

३० डिसेंबरला येळवस, म्हणजे वेळ अमावस्या, आली. त्या दिवशी लातूरकडे दुकानं ओस पडतात, सगळी माणसं शेतात जाऊन जेवतात. शिवकुमार आणि शिवकन्या सकाळीच गावी पोचले. सत्यमने अमृतरावांना रिक्षातून पुलावरून शेतात नेलं. सगळ्यांनी कडब्याची कोप, लहानशी झोपडी, उभी केली, आत पाच दगड चुन्याने रंगवून मांडले, त्यांची पूजा झाली, रानभर आंबील शिंपडली. केवळाबाई आणि पुनमलाही जेवायला बोलावणं होतं. त्या आल्या. दर वर्षी येत, तशाच आल्या. पण खुरपणीचा विषय कुणी काढला नाही.

भज्जी, उंडे, आंबील असं जेवण झाल्यावर अमृतराव कोपीला टेकून बसले. ओढ्यापलीकडे त्यांचं घर दिसत होतं. स्लॅबवर पांढरी खुर्ची होती, रिकामी, बोटाच्या पेराएवढी. ते तिच्याकडे बघत राहिले.

"हितनं सदा दिसती की ती," ते म्हणाले.

"दिसती," केवळाबाई म्हणाली. "मान वर केली की दिसती."

अमृतराव धाकट्या भावाकडे वळून म्हणाले, "पाडव्यापासून तू ये. वरची खोली झाडून ठेवायला सांगतो वैनीला तुझ्या."

शिवकुमारांच्या हातात आंबिलीचा पेला होता. तो त्यांनी खाली ठेवला. आयुष्यात थोरल्या भावाला नाही म्हटल्याचं त्यांना आठवत नव्हतं. ते म्हणाले, "अण्णा, मला होणार न्हाई."

"काय होणार न्हाई?"

"येणं. मी दमलोय."

शिवकन्येने नवऱ्याकडे बघितलं आणि पुन्हा भांडी आवरायला लागली. अमृतराव गवताची काडी मोडत बसले. मोडून झाली, दुसरी घेतली.

"बसून काम करणारा माणूस कशानं दमला रे," ते म्हणाले. पण त्यात जोर नव्हता. ते स्वतः खुर्चीत बसूनच दमले होते.

मग कोपीकडे तोंड करून त्यांनी विचारलं, "केवळाबाई, बटईनं करतीस का?"

ती लगेच हो म्हणाली नाही. खाली बसली. "बी-खत निम्मं घालताल?"

"घालू."

"मोटर बिघडली तर?"

"ती आमची," शिवकुमार म्हणाले.

"आन् ती दुर्बीण?"

"शिवा घेऊन जाईल."

"तर मग घरात इचारून सांगते," केवळाबाई म्हणाली. दोन दिवसांनी तिने होकार कळवला. राहिलेली खुरपणी बायांनी जानेवारीत उरकली, आणि पाडव्याला शेत तिच्याकडे गेलं. अमृतराव अजूनही संध्याकाळी स्लॅबवर बसतात, पण बसम्मावहिनींनी खुर्ची फिरवून घराच्या मागच्या बाजूला, रस्त्याकडे तोंड करून ठेवली आहे. शिवकुमारांना ते फोन करतात, पण पूर्वीइतक्या वेळा नाही.

दुर्बीण लातूरला आली. परत करण्याची मुदत तोवर संपली होती. ती कपाटात वरच्या फळीवर, काचांना झाकणं लावून ठेवली आहे. अमृतरावांच्या वाट्याच्या निम्म्या किमतीपैकी पाचशे चौऱ्याहत्तर रुपये पन्नास पैसे अजून यायचे आहेत.