वाकायची नोकरी

माझा धाकटा भाऊ नक्की काय करतो, हे मी आजवर कितीजणांना समजावलं असेल याला गणती नाही. लंडनच्या एजवेअर भागातल्या, आई-बाबांच्या शेजारच्या, आईच्या मैत्रिणींना, एडिनबरातल्या माझ्या हॉस्पिटलमधल्या लोकांना, नागपूरच्या आत्याला व्हिडिओ कॉलवर. सगळं सांगून झालं की प्रत्येकजण एकच विचारतो, "हो, पण तो खेळतो कधी?"

तर आता एकदाच नीट लिहून टाकते. अमेरिकन फुटबॉल म्हणजे हेल्मेटं घालून एकमेकांवर धडकतात तो. त्यात अधूनमधून बॉल लाथेने लांब मारायची वेळ येते. तेव्हा नेहमीचे खेळाडू बाहेर जातात आणि तेवढ्या एका कामापुरते वेगळे आत येतात. त्यांतला एकजण ओणवा होतो आणि स्वतःच्या दोन पायांमधून बॉल मागे फेकतो, पंधरा यार्डांवर उभ्या असलेल्या माणसाच्या थेट हातात. लगेच समोरचे धिप्पाड लोक त्याला आडवा करतात. तो उठतो, बाहेर जाऊन बसतो. मॅचभरात असं आठ-दहा वेळा. याला लाँग स्नॅपर म्हणतात. माझा भाऊ हे पगारी करायचा. आई त्याला "वाकायची नोकरी" म्हणते.

सुरुवात माझ्याच घरातून झाली, हा माझा गुन्हा. तो युनिव्हर्सिटीसाठी एडिनबराला आला आणि माझ्या फ्लॅटमध्ये राहिला. मी तेव्हा नुकतीच एक्स-रे डिपार्टमेंटला लागले होते. युनिव्हर्सिटीतल्या या फुटबॉलच्या क्लबच्या कोचने त्याला पहिल्याच दिवशी सांगितलं, पळायला तू स्लो आहेस आणि धडकायला लहान. शहाणा माणूस तिथूनच घरी आला असता. पण जाता जाता गंमत म्हणून कोचने सगळ्यांना पायांमधून बॉल फेकायला लावला आणि याचा बॉल सुतासारखा सरळ गेला. झालं.

आता पायांमधून मागे बॉल फेकायचा, तर मागे पकडायला कुणीतरी लागतं.

"ताई, फक्त दहा मिनिट. प्लीज."

"मी ड्यूटीवरून आत्ता आलेय. भिंतीवर मार."

"भिंत सांगत नाही ना, हाय गेला की लो गेला!"

तर भिंतीपेक्षा बरी म्हणून मी. घरामागच्या पार्कात, अंगावर हॉस्पिटलचे कपडे, वरून रेनकोट. दहा मिनिटांचा एक तास व्हायचा. तो बॉल हातात येत नाही, आदळतो. एकदा बोटाचं टोक असं वाकलं की सरळ होईना. माझ्याच डिपार्टमेंटमध्ये माझाच एक्स-रे काढताना सहकारी मुलीने विचारलं, कसं झालं? मी सांगितलं, भाऊ माझ्याकडे पाठ करून वाकला आणि त्याने बॉल मारला. ती हसून हसून खुर्चीत बसली. मला अजिबात हसू आलं नाही.

पुढे डिग्री झाली आणि बाबांना वाटलं, संपलं एकदाचं. तर जर्मनीतल्या एका टीमने याला घेतलं. दोन सीझन तिथे वाकला. मग त्यांनी याला फोनवरूनच सोडला, कारण कोच बदलला आणि नव्या कोचने आपला माणूस आणला. हा परत माझ्याकडे, दोन प्रचंड बॅगा घेऊन. मग अमेरिकेतल्या एका टीमच्या कॅम्पला बोलावलं. तीन आठवड्यांनी सकाळी हा नाश्त्याच्या रांगेत उभा असताना एकाने खांद्यावर हात ठेवला आणि म्हटलं, कोचने बोलावलंय. म्हणजे काढलं. पुन्हा माझ्याकडे. माझ्या कपाटाचा अर्धा भाग त्याच्या हेल्मेटांनी आणि पॅडनी अडवलेला. मी नोकऱ्यांच्या जाहिराती पाठवायचे, तो उत्तरादाखल अंगठ्याचा इमोजी पाठवायचा आणि पार्कात चल म्हणायचा.

आणि मग एका सप्टेंबरात त्याच टीमच्या जुन्या स्नॅपरची पाठ धरली. याला फोन आला. हा गेला. आणि कधी नव्हे ते नशीब असं, की त्या टीमची एक मॅच लंडनला होती.

आईने निम्म्या एजवेअरला सांगितलं. बाबांनी दूरच्या गावाला जावं तसे पाच तास आधी आम्हाला बाहेर काढलं. स्टेडियमच्या गेटवर आईची पर्स अडवली. आरपार दिसणारी पिशवी असेल तरच आत, असा नियम. पर्समध्ये पोळी-भाजीचे गुंडाळे होते.

"अहो, तुम्ही सांगा ना त्यांना, आपला मुलगा खेळतोय म्हणून," आई बाबांना म्हणाली.

बाबांनी खरंच सांगितलं. त्या माणसाने नम्रपणे विचारलं, कुठल्या पोझिशनला? बाबा माझ्याकडे बघायला लागले. मी सांगितलं. तो म्हणाला, तो कोण असतो?

गुंडाळे आम्ही गेटबाहेर उभ्यानेच संपवले.

आत गेल्यावर पहिला पाऊण तास हा बाकावरच. बाबा चहाच्या रांगेत गेले आणि तेवढ्यात हा आत आला, वाकला, फेकला, पडला, बाहेर. सात सेकंदसुद्धा नसतील. बाबा चहा घेऊन आले आणि म्हणाले, "काही झालं का?" दुसऱ्या वेळी पुढचा माणूस उभा राहिला. तिसऱ्या वेळी आईला दिसला, पण स्क्रीनवर, आणि तोही पाठमोरा, वाकलेला.

"चेहरा दाखवत नाहीत का गं?" आई म्हणाली. "एवढी विमानातून आणलेली माणसं, चेहरा तरी दाखवावा."

नऊ वेळा आला. नऊही बॉल बरोबर हातात. त्याचं नाव कुणी एकदाही घेतलं नाही. मॅच संपल्यावर तो कठड्यापाशी आला, आईने त्याचे गाल धरले आणि विचारलं, "तुला बॉल घेऊन पळायला कधी देणार?"

दोन दिवसांनी जुन्या स्नॅपरची पाठ बरी झाली. याला सोडलं.

या वेळी दारातच मी त्याला धारेवर धरलं. तिशी आलीये, स्वतःचं घर नाही, चूक न करता हाकलतात हे कसलं काम!

तो शांतपणे म्हणाला, "ताई, माझा नाव कोणाला माहीत नाही, म्हणजे मी माझा काम नीट केला."

"हे वाक्य तू पाठ केलंयस," मी म्हटलं. "आणि नाव 'माझा' नसतं, 'माझं' असतं."

तो रुसून बाथरूममध्ये गेला. पण पंधरवड्याने त्याने आपणहून शिक्षक व्हायचं ट्रेनिंग शोधलं. ते पुरं करून यंदा ऑगस्टमध्ये ग्लासगोच्या एका शाळेत पीईचा, म्हणजे व्यायाम-खेळांचा, शिक्षक म्हणून लागला. बाबांनी पेढे वाटले. मी माझं कपाट रिकामं केलं.

पाच आठवडे. फक्त पाच आठवडे गेले आणि दुसऱ्याच एका अमेरिकन टीमचा फोन आला, ट्रायआउटला, म्हणजे निवड चाचणीला, ये. याने हेडटीचरकडून बिनपगारी तीन दिवस मागून घेतले आणि गेला. मला विमानतळावरून मेसेज केला, म्हणजे ओरडता येऊ नये.

शुक्रवारी सकाळी सातला त्याला एडिनबरा विमानतळावरून उचलून थेट ग्लासगोच्या शाळेत पोचवायचं काम अर्थात माझं. M8 हायवेवर नेहमीप्रमाणे सगळं ठप्प. तो माझा दुपारचा डबा खात होता.

"काय झालं?" मी विचारलं. विचारायचं नाही असं ठरवलं होतं.

"पाच जण होते. कोच म्हणाला, बेस्ट मी होतो. एकही खराब नाही."

"मग?"

"दुसऱ्याला घेतला. तो चोवीसचा आहे."

गेली दहा वर्षं मी याला हे सोड म्हणत होते. मी स्टिअरिंगवर हात आपटला. "चोवीस वर्षांच्या पोराला काय कळतं? बेस्ट तू, तर घेतलं त्याला का? डोळे फुटलेत का त्यांचे? फोन नंबर आहे का त्या कोचचा?"

शेजारच्या व्हॅनमधला माणूस काच खाली करून बघायला लागला. भाऊ भेंडीची भाजी तोंडात धरून हसत होता.

"ताई, तू कोणाच्या साइडला आहेस?"

"गप्प बस," मी म्हटलं, "आणि टाय बांध. पहिला तास तुझाच आहे ना?"