फितीचं एक टोक

"मॅडम, तुम्ही फक्त दोन शब्द बोला," प्रिन्सिपल सर म्हणाले. "क्वार्क असतो का? असतो. तेवढं सांगा आन् खाली बसा."

"आन् बाकीचं?"

"बाकीचं पाहुणे सांगतेत. त्यांनी कॉलेजला पाण्याचं आरओ मशीन द्यायचं कबूल केलंय. जरा धीरानं घ्या."

मी कर्नाटकातल्या कमलनगरला पीयू कॉलेजात, म्हणजे अकरावी-बारावीला, फिजिक्स शिकवते. धीर हा माझा विषय नाही. पाहुणे म्हणजे कलबुर्गीकडून आलेला एक विक्रेता. कानडी माणसाशी कानडीत, आमच्याशी मराठीत, मोहल्ल्यात दखनी उर्दूत. जीभ तिन्हीकडं सारखीच सुळसुळीत. गळ्यात घालायचं पदक विकायचा, नाव 'क्वार्क शक्ती'. पदक घाला, शुगर गेली, गुडघे मोकळे. आज कॉलेजात त्याच्या विक्रीचं उद्घाटन, हॉलमध्ये ठाणाकुशनूरपर्यंतचे पालक जीप भरभरून आलेले. आणि त्याच्या मालावर शास्त्राचा शिक्का मारायला मी!

क्वार्क म्हणजे काय ते आधी सांगते, म्हणजे माझा राग कळेल. तूरडाळ घ्या, दगड घ्या, माणूस घ्या. फोडत गेलं की अणू येतो. अणूच्या गाभ्यात प्रोटॉन आणि न्यूट्रॉन. त्या प्रत्येकाच्या आत तीन क्वार्क. त्यांना बांधणारं बल भलतंच जबर, आणि वागतं उलटं. लोहचुंबक लांब नेला की ओढ कमी होते. इथं क्वार्क जवळजवळ असले की निवांत असतात, लांब ओढले की बल काही केल्या सोडत नाही. फारच ताणलं, तर तुम्ही लावलेल्या ऊर्जेतूनच नवे क्वार्क तयार होतात आणि जुन्यांना चिकटतात. एकटा क्वार्क आजवर कुणाच्या हाती लागलेला नाही. वर हे बल गाभ्याच्या बाहेर फिरायला जात नाही. तुमच्या रक्तातल्या साखरेशी त्याची ओळखसुद्धा नाही.

सरांच्या केबिनमधून तणतणत निघाले, तर लॅबच्या पायरीवर आमचे अटेंडर गुंडप्पा बसलेले. सगळे त्यांना अप्पा म्हणतात. कपाळाला विभूती, इस्त्रीचा शर्ट, आणि डाव्या पायाला धोतराचं फडकं गुंडाळलेलं. तांब्या तोंडाला लावून घटाघटा पाणी पीत होते. शर्टातून पदक डोकावत होतं.

"अप्पा, पायाला काय झालंय?"

"चप्पल लागली हो. भरून यायलंय."

"सुई घेतलाव का आज?"

अप्पांनी नुसती मान हलवली, नाही. अप्पांची शुगर जुनी. इन्सुलिनची सुई रोजची.

"सुई कामून बंद केलाव, अप्पा?"

"ते म्हणले, सुई आन् क्वार्क एका अंगात चालत न्हाईत. सुईनं शक्ती पळून जाती."

"आन् तुम्ही ऐकलाव?"

"आता मॅडम, दुसरं कुणी म्हणलं असतं तर ऐकलो नसतो. पर क्वार्क तुमच्या फळ्यावर हाय की. मीच पुसतो. फळ्यावरचं खोटं कसं असंल?"

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. त्या भोळ्या माणसावर नाही. जो चोर माझ्या फळ्यावरचा शब्द उचलून बाजारात बसला, त्याच्यावर. "आत्ताच्या आत्ता दवाखान्यात चला," मी म्हणाले. अप्पा हलेनात. "कार्यक्रम होऊ द्या. मला स्टेजवर बोलवणार हायेत. सुई सोडलेला माणूस म्हणून."

म्हणजे हा साक्षीदार! अप्पांना बघून हॉलमधल्या किती जणांनी सुया फेकल्या असत्या, देव जाणे. कार्यक्रम माझ्या हातानं मोडल्याशिवाय अप्पा दवाखान्यात येणार नव्हते.

शाल-श्रीफळ झालं. पाहुणे माइकवर आले. "आम्ही क्वार्क वेगळा काढून या पदकात बसवलाय. विश्वास नसंल तर मॅडमना विचारा."

विचारा म्हणाला ना? मी उठले. उद्घाटनाची फीत ताटात पडली होती, कात्री शेजारीच. दोन्ही त्याच्या हातात दिल्या.

"साहेब, या फितीचं नुसतं एक टोक मला कापून द्या. दुसरं टोक नको."

तो हसला. कचकन तुकडा कापला.

"याला टोकं किती?"

"दोन!" मागून एक बाई ओरडली.

"अजून बारीक कापा."

कापला. "दोनच की!" आता सगळा हॉल म्हणाला.

"क्वार्कचं असंच हाय," मी म्हणाले. "एकटा निघतच न्हाई. जगातल्या मोठमोठ्या मशिनींना जमलं न्हाई, ते यांनी पदकात बसवलंय म्हणे!"

हशा पिकला. प्रिन्सिपल सर खुर्चीत चुळबुळायला लागले. पण बेरड माणूस तो, असा हटतोय होय? "मॅडम, विज्ञान पुढं गेलंय. अनुभव बघा. गुंडप्पा, या वर!"

अप्पा लंगडत चढले. पढवल्यासारखे बोलायला लागले. "मी सुई सोडलो. आता मला एकदम..." आणि थांबले. माझ्याकडं बघितलं.

"अप्पा," मी म्हणाले, "पाय दाखवा."

अप्पांनी हळूहळू फडकं सोडलं. दोन बोटं काळी पडली होती. पहिल्या रांगेतल्या बायांनी पदर नाकाला लावला.

"बघा, विष बाहेर पडायलंय!" तो माइकमध्ये म्हणाला. "शक्तीचं काम सुरू झालंय!"

"अरे मेल्या, पाय सडायलाय त्याचा!" मी ओरडले. पाहुण्याशी, स्टेजवर, सगळ्या गावासमोर. सरांनी माइक बंद करायला लावला. मला माइक लागत नाही, मागच्या बाकापर्यंत शिकवते मी. "घरी जाऊन सुया घ्या. पदक गळ्यात ठेवायचं तर ठेवा, सुई सोडू नका. सोडली तर हा पाय बघून ठेवा!"

अप्पांना जीपमध्ये घालून बीदरला नेलं. दोन्ही बोटं काढावी लागली. डॉक्टर म्हणाले, आणखी उशीर झाला असता तर पाय गेला असता. पाय वाचला म्हणून सगळे मला शाबासकी द्यायला लागले. कशाची शाबासकी? बोटं गेलीच ना!

मला मॅनेजमेंटचा मेमो मिळाला, पाहुण्यांचा अवमान केल्याबद्दल. आरओ मशीन काही आलं नाही. पाहुण्याला कुणी साधी नोटीस दिली नाही. पदकाचं नाव बदलून आता खजुरी गावाकडं विकायलाय म्हणे.

अप्पा कामावर परत आले, सुई चालू करून, पदक फेकून. पहिल्याच दिवशी डस्टर घेऊन फळ्यासमोर उभे राहिले. मीही तिथंच होते.

"मॅडम, तुमचे ते क्वार्क बरे हो. कितीबी ओढा, सुटत न्हाईत. माझी बोटं बघा, कापली की आली हातात."

मी खडू उचलला.

आता क्वार्कचा धडा आला की मी पहिली ओळ मराठीत आणि कानडीत, मोठ्या अक्षरात लिहिते: हा कुठंच विकत मिळत नाही. तास संपला की अप्पा येतात, सगळा फळा पुसतात. तेवढी ओळ ठेवतात.