एक्केचाळीस सिनेमांतला वेटर

आमच्या शेजारी मिलोकाका राहतात. खरं नाव मिलोस्लाव कुबेश, वय एक्क्याऐंशी, मूळ गाव प्राग. त्यांच्या लेकीचं, हानाचं, घर आणि आमचं घर यांच्यामध्ये एक कुंपण आहे. पलीकडचं सगळं नीट ऐकू यावं म्हणून मी माझे टोमॅटो मुद्दाम त्याच कडेला लावलेत. तिथेच मला कळलं की काकांनी तिकडे एक्केचाळीस विनोदी सिनेमांत कामं केलीत आणि बहुतेकांत ते वेटर होते. नायकाने प्रेमात पडायचं, नायिकेने रुसायचं आणि यांनी दोघांच्या मधून सूप न्यायचं. हानाने मला त्यातले दोन दाखवले. शब्द एकही कळला नाही, पण सूप आलं की मी हसत होते.

शिकागोत आल्यावर काकांनी वीस वर्षं बेकरीत पाव विकले. "इथे मला बघून कुणी हसलेलं नाही," ते एकदा कुंपणाशी म्हणाले. "अजून जमतं की नाही, तेवढं कळायला हवं होतं."

यंदा गणपतीत आमच्या मंडळाची एकांकिका होती आणि त्यातला वेटर ऋषी ऐनवेळी ऑफिसच्या कामासाठी टेक्सासमध्ये अर्विंगला गेला. नाटक माझ्या नवऱ्याचं, श्रीरामचं. वेटर नसेल तर ते पडणार याची मला खात्री होती. असला तरी थोडी होतीच. मी काकांचं नाव सुचवलं. हाना त्यांच्या गुडघ्यांबद्दल बोलायला लागली, तोवर काका आत जाऊन ट्रे घेऊन आले होते.

तालीम आमच्या गराजमध्ये. वेटरला संवाद एकही नाही. काकांचा पाय घसरायचा, ट्रे तिरपा व्हायचा, डेव्हन रस्त्यावरच्या देशी दुकानातून आणलेल्या सहा वाट्या पार कडेपर्यंत सरकायच्या आणि थांबायच्या. वेटरने ट्रेकडे बघायचं नसतं, गिऱ्हाइकाकडे बघून हसायचं असतं, असं त्यांनी श्रीरामला समजावलं. आम्ही पोट धरून हसायचो. पण तुम्ही शेजारी आहात, तुमचं हसणं धरत नाही, असं त्यांचं म्हणणं.

प्रयोगाला पुढच्या दोन रांगा आमच्या रिटायर्ड डॉक्टरांच्या. काका आले, पाय घसरला, ट्रे तिरपा झाला. हॉल चिडीचूप. एवढा वयस्कर माणूस धडपडला तर आपली माणसं हसणार कशी? "अहो काका, जपून," असा प्रेक्षकांतून शैलजामावशींचा आवाज आला आणि पाठोपाठ तीन डॉक्टर स्टेजवर चढले. हृदयविकारांचे डॉक्टर सुमंत सगळ्यांत पुढे. विंगेत हानाने डोळे मिटून घेतले. काकांना जे कळायला हवं होतं ते कळलं, असं मला वाटलं, आणि आपण उगाच नाव सुचवलं असंही.

सुमंतांनी काकांचं मनगट धरलं. काका क्षणभर थांबले. ट्रे टेबलावर ठेवला आणि मोकळ्या हाताने खुर्ची अशा अदबीने ओढली की सुमंत बसलेच. उरलेल्या दोघांनाही बसवलं. तिघांच्या मांडीवर नॅपकिन, तिघांपुढे मेनूकार्ड. सुमंत नाडी सोडेनात. मग काकांनी त्यांचं दुसरं मनगट धरलं, घड्याळात पाहिलं, काळजीने मान हलवली आणि त्यांच्या पुढ्यातलं मेनूकार्ड उचलून तिथे नुसता पाण्याचा पेला ठेवला.

हॉल इतका हसला की श्रीरामची पुढची पाच मिनिटं कुणालाच ऐकू आली नाहीत. नाटक वाचलं ते त्यामुळेच.

गाडीत मी म्हटलं, "बघा, हसले की नाही?"

"डॉक्टरला हसले," काका म्हणाले. "मी नुसता वाढत होतो." एवढं बोलून ते घर येईपर्यंत खिडकीबाहेर बघत बसले, ताटभर जेवलेल्या माणसासारखे.

सुमंतांचे हल्ली श्रीरामला फोन येतात, पुढच्या वर्षी दोन-चार वाक्यं द्या म्हणून. मी काकांना विचारलं.

"अजिबात नको," ते म्हणाले. "माणूस चांगला आहे. बोलायला लागला की बिघडेल."