ऐकल्याची पावती

पाणबुडीवाल्या काकांचा चढा आवाज आमच्या अहमदपुरात कधी कुणी ऐकला नाही. कप बशीत ठेवतानाही ते खट्ट होऊ देत नसत. जिथे नळाला आठ-आठ दिवस पाणी नसतं, त्या गावात पाणबुडीतल्या अधिकाऱ्याने निवृत्तीनंतर राहायला यावं, याची आम्ही शेजारी भरपूर थट्टा करायचो. तेही हसायचे, अर्थात बिनआवाजी.

त्यांची एक सवय मात्र मला छळायची. त्यांनी काही सांगितलं की समोरच्याने ते परत म्हणून दाखवायचं. "पाणबुडीत नुसतं हो-हाव चालत न्हाई बाबा. परत म्हणलं तरच ऐकलं. एकानं चुकीचं ऐकलं तर सगळेच जातेत." काकू हे हौसेने करायच्या. काका म्हणायचे, "दार लाव." आतून उत्तर यायचं, "दार लावलं हो, साहेब!" मी आपला "हाव" म्हणून मोकळा व्हायचो.

काकू गेल्या आणि ते घर गप्प झालं. पुढे मुंबईच्या एका सिनेमावाल्याने पाणबुडीच्या सिनेमासाठी त्यांना सल्लागार म्हणून बोलावलं. सत्तरी ओलांडलेली, तरी काका लगेच निघाले. महिन्याने परतले ते वेगळेच. "वीस कलाकार होते. मी एक आज्ञा द्यायचो, समदे परत म्हणायचे. लई बरं वाटलं बघ." मला त्यांच्यासाठी फार वाईट वाटलं.

सिनेमा लातूरला लागला, आम्ही दोघे गेलो. पडद्यावरचा कप्तान बेंबीच्या देठापासून ओरडत होता आणि ते परत म्हणणं पार कापलेलं. शेवटी काकांचं नाव आलं. मी टाळ्या वाजवल्या, त्यांनी नाही. परतीच्या बसमध्ये एवढंच म्हणाले, "वेळ जातो म्हणून काढलं असंल." नंतर एका माहितीपटासाठी बोलावणं आलं, ते त्यांनी नाकारलं.

गेल्या महिन्यात ते कायमचे पुण्याला, मुलीकडे गेले. स्टँडवर मी सोडायला गेलो होतो. खिडकीतून म्हणाले, "तुझ्या काकूच्या मोगऱ्याला पाणी घालत जा."

मी सवयीने म्हणालो, "हाव."

ते माझ्याकडे बघतच राहिले. गाडी हलली तेव्हा कुठे माझ्या डोक्यात प्रकाश पडला. मागे धावलो, तोवर ती वळली होती.

तडक त्यांच्या अंगणात गेलो, पाणी घातलं आणि फोन लावला.

"काका, मोगऱ्याला पाणी घातलं, साहेब."

पलीकडून गाडीचा आवाज येत होता. मग काका म्हणाले, "अजून एकदा म्हण."